ओशीन (आयरिश पुरुषनाम)

ओशीन हे आयर्लंडमधील मुलाचे नाव असून आयरिश भाषेत त्याचा अर्थ हरणाचे पाडस असा होतो. आयरिश ही केल्टिक कुळातील भाषा. स्कॉटलंडची गेलिक ही तिची सख्खी बहीण, आणि तिथेही हे नाव थोड्याफार फरकाने सापडते. अठराव्या शतकात ते ‘ऑसियन’ या इंग्रजी रूपात युरोपभर पसरले. ओशिन या जपानी नावाशी मात्र त्याचे काही नाते नाही, उच्चार जुळला एवढेच.

या नावाचा मूळ मानकरी म्हणजे फियाना नावाच्या योद्ध्यांच्या टोळीचा नायक फ्यून मक कूल याचा मुलगा. तो लढवय्या होता आणि कवीही. नावाचा अर्थ पाडस असला, तरी आयरिश माणसाच्या डोळ्यांपुढे ओशीन म्हटले की येतो तो आंधळा, थकलेला, सगळे सोबती गमावून बसलेला म्हातारा. एकाच नावात इतके कोवळे आणि इतके जख्ख वय एकत्र नांदताना क्वचितच दिसते. त्यामुळे शब्दकोशातल्या अर्थावर थांबून हे नाव पुरते कळत नाही.

उच्चार आणि व्युत्पत्ती

रोमन लिपीतले स्पेलिंग पाहून आपण ‘ओइसिन’ असे वाचू, पण उच्चार ओशीन. आयरिशमध्ये इ किंवा ए या स्वरांच्या शेजारी आलेला ‘स’ हा ‘श’ होतो. शॉन हे नाव लिहिताना ‘स’ आणि बोलताना ‘श’ का, याचे उत्तरही हेच. मराठी माणसाला हे नवल वाटायला नको, कारण आपल्याही भाषेने हेच केले आहे: संस्कृतातल्या सिंदूराचा आपण शेंदूर केला आणि ‘सीव्’ धातूपासून शिवणे. दोन भाषा एकमेकींपासून हजारो मैल दूर, पण जिभेची सोय दोन्हीकडे सारखी.

‘शी’ दीर्घ आहे हे दाखवायला आयरिश लिपीत स्वरावर एक तिरकी रेघ देतात, तिला फादा म्हणतात. ती शोभेची नाही. ‘शॉन’ या नावावरची फादा काढली तर उरतो तो ‘म्हातारा’ या अर्थाचा साधा शब्द. ओशीनमध्ये जोर कुठे द्यायचा हे बोलणाऱ्याच्या गावावर ठरते. दक्षिणेकडच्या मन्स्टर प्रांतात दीर्घ ‘शी’वर जोर पडतो, तर पश्चिमेला आणि उत्तरेला ‘ओ’वर.

‘ओस’ म्हणजे हरीण, आणि ‘ईन’ हा लहानपण किंवा लाडिकपण दाखवणारा प्रत्यय. असे लघुत्वदर्शक प्रत्यय लावून केलेली नावे आयरिशमध्ये खूप आहेत. रोनान म्हणजे छोटा सील, फॅलान म्हणजे लांडग्याचे पिल्लू, किअरान म्हणजे छोटा काळू. ‘ओस’चे जुने रूप ‘ओस्स’. भाषाशास्त्रज्ञ ते वेल्श भाषेतील बैलवाचक ‘इख’ या शब्दाशी आणि आपल्या वेदांमधल्या ‘उक्षन्’शी, म्हणजे बैलाशी, जोडतात. मूळ शब्द एकच. कुठे त्याला गोठ्यातल्या जनावराचा अर्थ आला, आयर्लंडात मात्र रानातल्या हरणाचा.

जन्मकथा

फ्यून शिकारीला निघालेला असताना एक हरिणी पुढे पळत होती. ती दमून खाली बसली, तेव्हा ब्रान आणि श्क्योलान या त्याच्या दोन शिकारी कुत्र्यांनी तिच्यावर झडप घातली नाही. ते तिचे तोंड चाटू लागले, तिच्याभोवती बागडू लागले. या कुत्र्यांचा जन्मही मंतरलेला होता. त्यांची आई ही फ्यूनची मावशी, जिला कुणी जादूने कुत्री केले होते. त्यामुळे कातडीच्या आत कोण आहे हे त्यांना कळले, असे सांगतात. फ्यूनने हरिणीला किल्देअरमधील आलेन टेकडीवरच्या आपल्या गढीत आणले आणि त्या रात्री ती साइव्ह नावाची स्त्री होऊन त्याच्यासमोर उभी राहिली. एका ड्रुइडाला, म्हणजे केल्टिक पुरोहित-मांत्रिकाला, तिने नकार दिला होता, म्हणून त्याने तिला हरीण केले होते. गढीच्या आत मात्र त्याची जादू चालत नव्हती.

पुढे फ्यून लढाईला गेला असताना तोच ड्रुइड फ्यूनचे रूप घेऊन गढीबाहेर आला. साइव्ह धावत भेटायला गेली आणि पुन्हा हरीण झाली. फ्यूनने तिला सात वर्षे शोधले. ती काही सापडली नाही, पण स्लायगोतल्या बेन बुल्बिन डोंगराच्या उतारावर त्याच्या कुत्र्यांना एक उघडा मुलगा सापडला. इतर कुत्री त्याच्यावर धावून गेली, तेव्हा ब्रान आणि श्क्योलान त्यांना अडवून उभे राहिले. मुलाला बोलता येत नव्हते. पुढे बोलायला शिकल्यावर त्याने सांगितले की एका हरिणीने आपल्याला वाढवले, एक काळा माणूस येऊन तिच्याशी बोलत असे, आणि शेवटी ती मागे वळून वळून पाहत त्याच्यामागे निघून गेली. फ्यूनने त्याचे नाव ठेवले ओशीन. काही कथांमध्ये आईने जन्मल्याबरोबर त्याच्या कपाळाला जीभ लावली आणि तेवढ्या जागी हरणाची लव उगवली असे येते.

कथेची रूपे अनेक आहेत. एका जुन्या ग्रंथात आईचे नाव ब्लाई आहे. पण मुलगा माणसांत आणि आई रानात, ही ताटातूट या नावाशी कायमची जोडली गेली आहे.

तरुणांच्या देशात

ओशीनची सर्वांत लोकप्रिय कथा ‘तीर ना नोग’ची, म्हणजे तरुणांच्या देशाची. पांढऱ्या घोड्यावर बसून नीव्ह नावाची सोनेरी केसांची राजकन्या समुद्रावरून येते आणि ओशीनला मागणी घालते. दोघे लाटांवरून दौडत अशा देशात जातात जिथे कुणी म्हातारे होत नाही. तिथे तीन वर्षे झाली असावीत असे ओशीनला वाटते, पण आयर्लंडात तीनशे उलटलेली असतात. वडिलांची आणि सोबत्यांची आठवण अनावर होऊन तो परत यायला निघतो. नीव्ह घोडा देते आणि बजावते: पाय जमिनीला लावू नकोस.

आयर्लंडात त्याला लहानखुरी, अशक्त माणसे दिसतात. आलेनच्या टेकडीवर गढीच्या जागी तण आणि खाजरी माजलेली असते. फ्यूनचे नाव लोकांनी फक्त जुन्या गोष्टींत ऐकलेले. डब्लिनच्या दक्षिणेला डोंगरात ग्लेनास्मोल नावाचे खोरे आहे. तिथे काही माणसे एका मोठ्या दगडाखाली चेंगरायला आलेली त्याला दिसतात. तो खोगिरावरून वाकतो, एका हाताने दगड भिरकावून देतो आणि त्याच झटक्यात घोड्याचा तंग तुटतो. पाय जमिनीला लागतो. घोडा उधळून निघून जातो आणि मागे उरतो तो तीनशे वर्षांचा आंधळा म्हातारा.

मराठी वाचकाला इथे रेवतीची गोष्ट आठवल्याशिवाय राहणार नाही. तिचा बाप ककुद्मी मुलीसाठी स्थळ विचारायला ब्रह्मदेवाकडे गेला, तिथले गाणे संपेपर्यंत थांबला आणि परत आला तेव्हा पृथ्वीवर युगे लोटली होती. दोन्ही कथांचे मूळ एक आहे असे कुणी म्हणू नये. पण रेवतीला निदान बलराम मिळाला, ओशीनला परत आल्यावर कुणीच मिळाले नाही.

त्याला भेटतो तो संत पॅट्रिक, आयर्लंडात ख्रिस्ती धर्म रुजवणारा. फियानांचा काळ परंपरेने तिसऱ्या शतकात धरतात, पॅट्रिक पाचव्या शतकातला. मधली दरी ओलांडायला कथेला एखादा मागे राहिलेला माणूस हवाच होता. दोघांच्या संवादांची कवने गेल्या शतकापर्यंत गावोगाव म्हटली जात. त्यांत पॅट्रिक स्वर्गाचे सांगतो, आणि ओशीन विचारतो की तिथे फ्यूनला आणि त्याच्या कुत्र्यांना जागा आहे का. नसेल तर तो स्वर्ग मला कशाला?

लोककथेत याच दिवसांतला एक प्रसंग आहे. मठातली स्वयंपाकीण म्हाताऱ्याला मोजून वाढते: एक रोटी, लोण्याचा एक गोळा, मांसाचा एक तुकडा. एवढ्यात पोट भरत नाही म्हटल्यावर ती त्याला खादाड म्हणून हिणवते. ओशीन म्हणतो, तुझ्या रोटीहून रुंद आयव्हीच्या वेलीचे पान मी पाहिले आहे, तुझ्या लोण्याच्या गोळ्याहून मोठे रोवनच्या झाडाचे फळ आणि तुझ्या मेंढीच्या तंगडीहून मोठी काळ्या पाखराची तंगडी. ती त्याला खोटे ठरवते. तेव्हा तो एका पोराला वाटाड्या म्हणून आणि एका कुत्र्याला बरोबर घेऊन खोऱ्यात जातो आणि तिन्ही वस्तू आणून तिच्यापुढे ठेवतो. मला ही कथा तीर ना नोगपेक्षाही खरी वाटते. आपण पाहिलेला काळ खरोखर होऊन गेला, हे सिद्ध करावे लागणे हेच त्याच्या म्हातारपणाचे सर्वांत मोठे दुःख आहे.

आयरिश भाषेत म्हणूनच ‘फियानांच्या मागे राहिलेला ओशीन’ असा वाक्प्रचार आहे. बरोबरीचे सगळे गेले आणि एकट्याला दिवस काढावे लागले, अशा कुणाहीबद्दल तो वापरतात.

हस्तलिखिते

बाराव्या शतकाच्या अखेरीस किंवा तेराव्याच्या आरंभी रचलेल्या ‘वृद्धांचा संवाद’ या ग्रंथात ओशीन आणि त्याचा सोबती कील्चे हे दोघे पॅट्रिकच्या काळापर्यंत जगलेले दिसतात, पण बोलतो मुख्यतः कील्चे. पुढच्या शतकांत तो मागे पडला आणि वक्त्याची जागा ओशीनने घेतली. स्कॉटलंडमध्ये सोळाव्या शतकाच्या पूर्वार्धात लिस्मोरच्या डीनने, म्हणजे तिथल्या चर्चच्या अधिकाऱ्याने, केलेल्या संग्रहात त्याच्या तोंडी घातलेली एक कविता आहे: आजची रात्र एल्फिनमध्ये लांब आहे, कालचीही लांबच होती. दुसरा मोठा संग्रह 1627 च्या सुमारास आयर्लंडपासून दूर, आजच्या बेल्जियममधील ऑस्टेंड येथे लिहिला गेला. तिथे स्पॅनिश सैन्यात चाकरी करणाऱ्या एका आयरिश कप्तानाने ही कवने लेखनिकाकडून उतरवून घेतली. देश सुटलेल्या माणसाला ओशीनची कवने जवळची वाटली, यात आश्चर्य नाही. तीर ना नोगची आज सांगितली जाते ती कथा मुख्यतः अठराव्या शतकाच्या मध्याच्या सुमारास क्लेअरमधील कवी मीहाल कमीन याने रचलेल्या काव्यातून आली. डब्लिनमध्ये 1853 साली ओशीनच्याच नावाने संस्था निघाली आणि तिने 1859 मध्ये हे काव्य छापले.

ऑसियन आणि ऑस्कर

त्याआधीच या नावाचे युरोपात एक वेगळे प्रकरण घडून गेले होते. स्कॉटलंडच्या जेम्स मॅकफर्सनने 1760 पासून ‘ऑसियन’ या प्राचीन कवीची भाषांतरे म्हणून गद्यकाव्ये छापली. खरे पाहता काही जुन्या कवनांचे धागे घेऊन त्याने बरेचसे स्वतःच रचले होते. इंग्रज साहित्यिक सॅम्युअल जॉन्सनने त्याला उघड खोटे ठरवले, आणि आपला नायक स्कॉटलंडने पळवला म्हणून आयरिश विद्वानही संतापले. पण पुस्तक थांबले नाही. जर्मन कवी गटेने आपल्या 1774 च्या कादंबरीत नायकाला त्यातले उतारे वाचायला लावले आणि नेपोलियनला तर इटालियन भाषांतराचे वेड होते. मॅकफर्सनने केले ते गैरच. तरीही त्याच्यामुळेच जर्मनीपासून इटलीपर्यंतचे लोक स्वतःच्या गावातली जुनी कवने गोळा करू लागले, हे नाकारता येत नाही.

नेपोलियनच्या या आवडीतून आणखी एक नाव जगभर गेले. ऑस्कर हा ओशीनचा मुलगा, आणि त्याच्या नावाचा अर्थ बहुधा ‘हरणांचा मित्र’. फ्रेंच सेनापती बर्नादोतचा मुलगा 1799 मध्ये जन्मला, नेपोलियन त्याचा धर्मपिता झाला आणि मुलाचे नाव ऑस्कर ठेवले गेले. बर्नादोत पुढे स्वीडनच्या गादीवर आला, 1844 मध्ये हा मुलगा पहिला ऑस्कर म्हणून राजा झाला आणि स्कँडिनेव्हियात हे नाव घरोघरी पोचले. हॉलिवुडच्या पुतळ्याला ते कसे चिकटले याच्या कथा अनेक आहेत. पण 2004 मध्ये ‘श्वास’ भारतातर्फे ऑस्करला गेला, तेव्हा मराठी माणसाच्या तोंडी जे नाव दिवसरात्र होते, ते या पाडसाच्या मुलाचे.

आजचा वापर

कथेत एवढे मोठे स्थान असूनही हे नाव मधली काही शतके मुलांना फारसे ठेवले जात नव्हते. फार पूर्वी मात्र ते साधूंचेही असे. स्कॉटलंडच्या आयोना बेटावरील मठाचा प्रमुख अदोम्नान याने सातव्या शतकाच्या अखेरीस लिहिलेल्या संत कोलंबाच्या चरित्रात या नावाचा एक भिक्षू येतो. इंग्रजी राजवटीत आयरिश नावे कागदोपत्री इंग्रजी होत गेली. 1893 मध्ये गेलिक लीग स्थापन झाली, भाषेबरोबर नावेही परत आणण्याची चळवळ उभी राहिली आणि विसाव्या शतकात ओशीन पुन्हा पाळण्यात आला. शिल्पकार ओशीन केली (1915–1981) यांचे जन्मनाव ऑस्टिन होते. डब्लिनच्या स्मृती-उद्यानातले, माणसांचे हंस होतानाचे शिल्प त्यांचे आहे. आज आयर्लंडमधील कुठल्याही शाळेच्या हजेरीपटावर एखादा ओशीन असतोच.

उत्तर आयर्लंडमधील अँट्रिमच्या डोंगराळ भागात कुशेंडालजवळ लुबिटाविश येथे ‘ओशीनची कबर’ दाखवतात. शास्त्रीय दृष्ट्या ते नवाश्मयुगातले दफनस्थान आहे, म्हणजे फियानांच्या कथेहून हजारो वर्षे जुने. गुडघ्याएवढ्या, छातीएवढ्या शिळा अर्धवर्तुळात उभ्या आहेत आणि कुंपणापलीकडे मेंढ्या चरत असतात. जवळच कवी जॉन ह्युइट यांच्या स्मरणार्थ रचलेला दगडांचा ढीग आहे.