मशाल दौड, बर्लिन ऑलिंपिकची

ग्रीसमधील ऑलिंपियाहून बर्लिनपर्यंत १९३६ मध्ये धावपटूंनी हातोहात नेलेल्या ज्योतीची दौड; आधुनिक ऑलिंपिकमधील अशी ही पहिलीच. बर्लिनला यजमानपद १९३१ मध्ये, हिटलर सत्तेवर येण्यापूर्वी मिळाले होते. १९३३ नंतर मात्र स्पर्धेचा उपयोग नाझी राजवटीच्या प्रचारासाठी होऊ लागला.

दौडीच्या उगमाबद्दल मतभेद आहेत. तिचे नाते प्राचीन ग्रीसशी जोडण्यात येते. परंतु मशालीच्या शर्यती अथेन्समध्ये प्रॉमीथिअस आदी देवतांच्या उत्सवांत होत, ऑलिंपियाच्या क्रीडामहोत्सवात त्या होत असल्याचा पुरावा मिळत नाही. ॲम्स्टरडॅम येथे १९२८ च्या ऑलिंपिकमध्ये ज्योत तेवत ठेवली होती, पण तिला दौडीची जोड नव्हती. कल्पनेचे श्रेय सामान्यतः संयोजन समितीचे सचिव कार्ल डीम यांना देतात. ती नाझी प्रचारमंत्री गोबेल्सच्या मंत्रालयातून निघाली, असेही काही अभ्यासकांचे मत आहे. तथापि आखणी डीम यांची आणि तिचा राजकीय वापर मंत्रालयाचा, असे मानणे अधिक सयुक्तिक दिसते. आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीने १९३४ च्या अथेन्स बैठकीत योजनेला संमती दिली.

२० जुलै १९३६ रोजी ऑलिंपियात अंतर्वक्र आरशाने सूर्यकिरण एकवटून ज्योत पेटविण्यात आली. बल्गेरिया, यूगोस्लाव्हिया, हंगेरी, ऑस्ट्रिया व चेकोस्लोव्हाकियामार्गे ती जर्मनीत पोहोचली. अंतर काही ग्रंथांत ३,०७५ किमी., तर अन्यत्र ३,१८७ किमी. दिले आहे, धावपटू तीन हजारांहून अधिक होते आणि प्रत्येकाच्या वाट्याला सुमारे एक किमी. येई. क्रुप या जर्मन पोलाद कंपनीने बनविलेल्या पोलादी मशालीच्या मुठीवर दौडीचा मार्ग कोरलेला असून वाहकाविषयी कृतज्ञताही नोंदवलेली आहे. व्हिएन्नात दौडीच्या स्वागताला नाझी समर्थकांच्या निदर्शनांचे रूप आले. त्यानंतर दोन वर्षांतच ऑस्ट्रिया जर्मनीत विलीन करण्यात आला.

१ ऑगस्टला बर्लिनच्या लुस्टगार्टन या उद्यानात हिटलर युवक (नाझी पक्षाची युवक संघटना) व वादळी दल (पक्षाचे निमलष्करी दल, एस.ए.) यांच्या हजारो सदस्यांसमोर ज्योत आणली गेली. स्टेडियममधील अखेरचा टप्पा फ्रिट्झ शिल्गेन धावला. तो स्पर्धक नव्हता, धावण्याच्या डौलदार शैलीमुळे त्याची निवड झाली होती. ग्रीसमधील डेल्फीत दौडीच्या समारंभासाठी ऑलिंपिकचे पाच कड्यांचे चिन्ह कोरलेला एक दगड पुढे तेथेच राहिला आणि काही लेखकांनी त्याला प्राचीन अवशेष ठरविले. १९४८ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये ही प्रथा, तिच्या उगमाची फारशी चर्चा न होता, पुढे चालू राहिली.