पात्रिआर्क, मूळपुरुष आणि वाय गुणसूत्र

गोव्याच्या आर्चबिशपांना आणखी एक पदवी आहे आणि ती बातम्यांत फारशी येत नाही: 'पूर्व इंडीजचे पात्रिआर्क'. भारतातल्या चर्चवरच्या हक्कांसाठी पोर्तुगाल आणि रोम यांच्यात जुना वाद होता. तो मिटवताना पोप तेरावे लिओ यांनी १८८६ मध्ये ही पदवी गोव्याला दिली. आजचे आर्चबिशप फिलिप नेरी फेर्रांव २०२२ मध्ये कार्डिनल झाले, आणि पात्रिआर्क ही पदवीही त्यांच्याकडे आहेच. लॅटिन परंपरेतल्या कॅथलिक चर्चमध्ये हा मान फार थोड्या धर्मपीठांना आहे. जेरुसलेम, व्हेनिस, लिस्बन यांच्या पंगतीत गोवा बसतो.

आता शब्दाकडे पाहू. ग्रीक भाषेत 'पात्रिआ' म्हणजे कुळ किंवा वंश आणि 'आर्खे' म्हणजे आरंभ, अग्रक्रम, सत्ता. पात्रिआर्क म्हणजे कुळाचा प्रमुख. ख्रिस्तपूर्व तिसऱ्या-दुसऱ्या शतकांत हिब्रू धर्मग्रंथांचं ग्रीक भाषांतर झालं, तेव्हा घराण्यांच्या आणि टोळ्यांच्या म्होरक्यांसाठी हा शब्द वापरला गेला. पुढे आब्राहाम, इसहाक, याकोब या पूर्वजांना तो कायमचा चिकटला. सहाव्या शतकापर्यंत रोम, कॉन्स्टँटिनोपल, अलेक्झांड्रिया, अँटिऑक आणि जेरुसलेम या पाच धर्मपीठांच्या प्रमुखांचं ते पदनाम झालं होतं. म्हणजे ज्याची ओळख लेकरांच्या, नातवंडांच्या संख्येवरून व्हायची त्याचा शब्द अखेर अविवाहित धर्मगुरूला जाऊन बसला.

मला हा प्रवास महत्त्वाचा वाटतो, कारण या एका शब्दात जन्म देणारा, वंशाचा आरंभ करणारा आणि हुकूम चालवणारा असे तीन वेगळे पुरुष एकत्र बांधले आहेत. आपण ते तिघे एकच असल्यासारखं बोलतो. विज्ञानाच्या वेगवेगळ्या शाखांनी गेल्या दीडशे वर्षांत ही मोळी सोडवली आहे, आणि सुटलेल्या काटक्या गोव्यात जागोजागी दिसतात.

आधी भाषाशास्त्र. संस्कृत 'पितृ', ग्रीक व लॅटिन 'पातेर', इंग्रजी 'फादर' ही एकाच मूळ शब्दाची रूपं आहेत. फ्रेंच भाषाशास्त्रज्ञ एमिल बेनवेनिस्त यांनी १९६९ मध्ये दाखवून दिलं की त्या मूळ शब्दाचा रोख जन्मदात्यापेक्षा घराच्या प्रमुखावर होता. ऋग्वेदातला 'द्यौष्पिता' आणि रोमनांचा 'ज्युपिटर' हे एकच नाव. आकाशाला पिता म्हणताना कुणी जन्माचा दाखला मागत नव्हतं, अधिकार सांगितला जात होता.

मानववंशशास्त्रात यासाठी जन्मदाता आणि सामाजिक पिता असा स्पष्ट फरक करतात. निलगिरीतल्या तोडा लोकांचं उदाहरण प्रसिद्ध आहे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला डब्ल्यू. एच. आर. रिव्हर्स यांनी त्यांचा अभ्यास केला. त्या काळी तिथे एक स्त्री बहुधा सगळ्या भावांची पत्नी असे. तिच्या गरोदरपणाच्या सातव्या महिन्याच्या सुमारास त्यांपैकी एक जण विधीपूर्वक तिला गवत आणि काडीचं छोटं धनुष्यबाण देई, आणि तो मुलाचा बाप ठरे. दुसऱ्या कुणी धनुष्य देईपर्यंत पुढची मुलंही त्याचीच, मग तो मधल्या काळात वारला असला तरी. आपल्या दक्षिणेला तुळुनाडूत, म्हणजे मंगळूर-उडुपीच्या पट्ट्यात, 'अळियसंतान' पद्धत होती. तिथेही कुटुंबाचा प्रमुख बहुधा पुरुषच, पण वारसा मामाकडून भाच्याकडे. घर पुरुषाने चालवलं म्हणजे वंश बापाकडूनच मोजला गेला, असं नाही.

आता गोव्यातला मूळपुरुष. फोंडा तालुक्यातल्या मोठ्या देवस्थानांत मुख्य देवतेच्या आवारात किंवा जवळपास मूळपुरुषाची, ग्रामपुरुषाची छोटी घुमटी असते. कुठे पाषाण, कुठे मूर्ती. कुळाचे लोक लग्नाची पत्रिका, नवा नारळ तिथे ठेवतात. गावकरीतही, म्हणजे गावाची जमीन सामाईकपणे सांभाळणाऱ्या संस्थेतही, हीच रचना आहे. पोर्तुगीजांनी या संस्थांना कोमुनिदाद म्हटलं. जुन्या कोमुनिदादींत गावकारांची, म्हणजे हक्कदार घराण्यांची, वांगडं (कुळगट) असतात, प्रत्येक वांगड एका मूळ पुरुषापासून मोजलं जातं आणि 'झोण' नावाचा उत्पन्नाचा वाटा बापाकडून मुलाकडे जातो. सोळाव्या शतकात बार्देस-साष्टीत धर्मांतरं झाली. देव नदीपलीकडे फोंड्याकडे आले, पण गावकाराचं वांगड तेच राहिलं. आज मिस्साला जाणारा साष्टीचा गावकार त्याच पुरुषरेषेवर आपला हक्क सांगतो.

जनुकशास्त्राच्या नजरेने ही पुरुषरेषा म्हणजे वाय गुणसूत्राचा मार्ग. बाकीची गुणसूत्रं प्रत्येक पिढीत आईबापांच्या भागांची सरमिसळ होऊन पुढे जातात. वायचा बहुतांश भाग मात्र बापाकडून मुलाकडे जवळजवळ तसाच येतो, अधूनमधून डीएनएचं एखादं अक्षर बदलतं तेवढंच. त्या बदलांवरून वंशरेषा लावता येतात. मानवी वाय गुणसूत्र अथपासून इतिपर्यंत पहिल्यांदा वाचून झालं ते २०२३ मध्ये. त्याची लांबी ६ कोटी २४ लाख अक्षरांहून थोडी जास्त भरली. पेशीतल्या एकूण सुमारे ६०० कोटी अक्षरांपैकी हा जेमतेम १ टक्का.

उरलेल्या ९९ टक्क्यांत मूळपुरुष किती असतो? वीस पिढ्या मागे, म्हणजे साधारण पाच-सहाशे वर्षांपूर्वी, प्रत्येकाच्या वंशवृक्षात पूर्वजांच्या १०,४८,५७६ जागा असतात. नात्यातल्या लग्नांमुळे एकच माणूस अनेक जागांवर येतो हे खरं, पण एका जागेचा सरासरी वाटा दहा लाखांत एक एवढाच. डीएनए मोठ्या तुकड्यांनी पुढे जातो, त्यामुळे बहुतेक जागांवरच्या पूर्वजाकडून आपल्यापर्यंत काहीच पोचलेलं नसतं. ज्याच्यासमोर आपण गाऱ्हाणं घालतो त्या मूळपुरुषाचं वायव्यतिरिक्त आपल्यात काहीही नसण्याची शक्यता दांडगी आहे. त्याच्या गावातल्या ज्या पुरुषांना मुलीच झाल्या त्यांचंही रक्त आपल्यात तेवढंच असू शकतं. त्यांच्या नावाची घुमटी नाही, कारण लेकीच्या वाटेने मोजणारं वांगड नव्हतं.

मग दर वांगडाला एकच मूळपुरुष कसा सापडतो? याचं उत्तर गणितात आहे आणि ते फार देखणं आहे. इंग्लंडमध्ये घरंदाज आडनावं नाहीशी का होतात, हा प्रश्न फ्रान्सिस गॉल्टन यांनी मांडला. हेन्री वॉटसन या गणिती धर्मगुरूंच्या साथीने १८७४ मध्ये त्यांनी त्यावर लेख प्रसिद्ध केला. समजा एका गावात १०० पुरुषांनी वस्ती केली. सरासरी प्रत्येकाला एक मुलगा होतो, पण कुणाला एकही नाही, कुणाला तीन, असं नशिबाने ठरतं. अशा वाटपात पहिल्याच पिढीत साधारण ३७ पुरुषरेषा संपतात. दुसऱ्या पिढीअखेर ५३, पाचव्या पिढीअखेर ७३. ना साथ, ना लढाई, ना कुणाचा शाप. गावातल्या पुरुषांची संख्या साधारण तेवढीच राहते आणि उरलेल्या थोड्या रेषा तिला भरून काढतात. पुरेसा काळ गेला की मागे वळून पाहणाऱ्याला मोजकेच मूळपुरुष दिसतात. ते त्यांच्या काळी इतरांहून मोठे, शूर किंवा पुण्यवान होते असं यातून निघत नाही. त्यांची रेषा टिकली म्हणून ते मूळपुरुष झाले. कोमुनिदादींच्या इतिहासात नष्ट झालेली वांगडं आढळतात, ती याच हिशेबातली.

अर्थात नेहमी निव्वळ नशीबच असतं असं नाही. साधारण सात ते पाच हजार वर्षांपूर्वी जगाच्या अनेक भागांत वाय गुणसूत्राची विविधता एकदम आटली. २०१५ च्या एका मोठ्या अभ्यासानुसार वंश पुढे नेणाऱ्या स्त्री-पुरुषांचं प्रमाण सतरा स्त्रियांमागे एक पुरुष इतकं घसरल्यासारखं दिसतं. प्रत्यक्षात पुरुष मेले नव्हते तितके. २०१८ मध्ये संशोधकांनी एक पटण्याजोगं स्पष्टीकरण दिलं: समाज पितृवंशीय कुळांत विभागलेला असेल आणि कुळाकुळांत झगडे होत असतील, तर हरलेल्या कुळाबरोबर त्याचं वायही पुसलं जातं, कारण कुळातल्या सगळ्या पुरुषांचं वाय एकच असतं. स्त्रिया लग्न करून वेगवेगळ्या कुळांतून आलेल्या असतात, म्हणून त्यांची विविधता टिकते. इथे समाजाची रीत जनुकांत उमटली. मला हा या सगळ्या अभ्यासातला सर्वांत विचार करायला लावणारा भाग वाटतो. आपण धरून चालतो की रक्त आधी आणि रीत नंतर. इथे क्रम उलटा आहे.

कुळ आणि धर्मसत्ता दोन्ही बापाकडून मुलाकडे जाणारं उदाहरण ज्यूंमध्ये आहे. कोहेन हे पुरोहित घराणं परंपरेने बायबलमधल्या आरोनपासून पुरुषरेषेने मोजलं जातं. १९९७-९८ मध्ये जनुकशास्त्रज्ञांना दूरदूरच्या कोहेन पुरुषांपैकी जवळपास निम्म्यांत वायच्या खुणांचा समान नमुना सापडला. परंपरेत तथ्य होतं. पण उरलेल्या निम्म्यांत तो नव्हता, आणि पुढच्या बारकाईच्या अभ्यासांत कोहेनांच्या अनेक स्वतंत्र वंशरेषा दिसल्या. त्या पुरुषांचं पौरोहित्य त्यामुळे कमी ठरलं नाही, ते समाजाने मानलेलं होतं.

गोव्याच्या पात्रिआर्कांकडे तर रक्ताचा प्रश्नच येत नाही. तिथे एकाकडून दुसऱ्याकडे पद जातं ते नेमणुकीने. शिवाय १९८३ च्या चर्चसंहितेचं कलम ४३८ सांगतं की लॅटिन चर्चमध्ये पात्रिआर्क ही पदवी मानाची आहे. तिच्याबरोबर, काही अपवाद वगळता, कारभाराचा वेगळा अधिकार येत नाही. आर्चबिशपांचे अधिकार आर्चबिशप म्हणून आहेत. ना संतती, ना वंश, ना जादा सत्ता, तरीही शब्द तोच.

चौथी छटा गोव्याच्या वारसा कायद्यात सापडते. एखाद्याच्या मृत्यूनंतर 'इन्व्हेंतार', म्हणजे मालमत्तेच्या मोजदादीचं आणि वाटणीचं काम, चालतं तेव्हा मालमत्तेची यादी देणारा आणि वाटणी होईपर्यंत ती सांभाळणारा एक कुटुंबप्रमुख लागतो. पोर्तुगीज काळापासून त्याला 'काबेसा द काझाल' म्हणतात. २०१२ च्या वारसा कायद्यातही हे पद कायम आहे. त्यावर पहिला हक्क सहसा हयात जोडीदाराचा. नवरा आधी गेला, तर त्या घराची कायदेशीर कुटुंबप्रमुख त्याची बायको असते, आणि मुलगे-मुली समान वाटेकरी म्हणून तिने दिलेल्या यादीवर सह्या करतात.