‘मिथिक केलंय’ म्हणजे नेमकं काय केलंय?

वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट या ऑनलाइन खेळात गिल्डमध्ये, म्हणजे खेळाडूंच्या कायमच्या गटात, नवा खेळाडू आला की पहिल्या दोन-चार प्रश्नांत एक ठरलेला असतो: ‘मिथिक करतोस का?’ तो हो म्हणतो, सगळे खूश होतात आणि आठवडाभराने लक्षात येतं की विचारणाऱ्याच्या मनात मिथिक रेड (वीस जणांनी मिळून बॉस, म्हणजे मोठे शत्रू, मारायची मोहीम) होती आणि उत्तर देणाऱ्याच्या मनात मिथिक प्लस (पाच जणांनी घड्याळाशी शर्यत लावायची छोटी मोहीम). दोघेही खरंच बोलत होते. या खेळात या एका शब्दाने जितके गैरसमज झालेत तितके क्वचितच दुसऱ्या कशाने झाले असतील. नवं एक्स्पान्शन (खेळाचा नवा विस्तार) घेऊन कमाल लेव्हलला पोचलेल्या माणसाचा तर इथे हमखास गोंधळ होतो. म्हणून या दोन गोष्टी एकदा शेजारी ठेवून नीट बघू. नियम सीझनगणिक थोडेफार हलतात, त्यामुळे उदाहरणं २०२४ च्या ‘द वॉर विदिन’ या एक्स्पान्शनच्या पहिल्या सीझनमधली घेते.

आधी नावाचा इतिहास, कारण गोंधळाचं मूळ तिथेच आहे. २०१४ मध्ये ‘वॉरलॉर्ड्स ऑफ ड्रेनॉर’च्या सुमारास रेडच्या काठिण्यपातळ्यांची नावं बदलली. आधीची फ्लेक्स (लवचिक गटसंख्येची पातळी) नॉर्मल झाली, नॉर्मलची हिरोइक झाली आणि आधीच्या हिरोइकला ‘मिथिक’ हे नवं नाव मिळालं. (जुने खेळाडू अजून ‘आम्ही हिरोइक केलं होतं’ म्हणतात तेव्हा कधीकधी आजच्या मिथिकबद्दल बोलत असतात, हेही ध्यानात असू द्या.) २०१५ मध्ये पाच जणांच्या डंजनलाही, म्हणजे छोट्या मोहिमेलाही, मिथिक पातळी आली. मग २०१६ मध्ये ‘लीजन’ने त्या मिथिक डंजनवर कीस्टोनची, म्हणजे पायरीगणिक अवघड होत जाणारी, शिडी चढवली आणि तिला मिथिक प्लस म्हटलं. म्हणजे दोन वर्षांत एकच शब्द तीन जागी चिकटला, आणि त्या तीन जागांवरचा खेळ तीन प्रकारचा.

मिथिक रेडपासून सुरुवात करू. पहिल्या सीझनची रेड होती नेरुब-आर पॅलेस, आठ बॉसची. नॉर्मल आणि हिरोइकमध्ये दहापासून तीसपर्यंत कितीही माणसं न्या, बॉसचा जीव आणि मार त्या संख्येप्रमाणे कमी-जास्त होतो. मिथिकमध्ये तसं नाही. तिथे बॉस वीस जणांच्या मापानेच घडवलेला असतो. सतराच जण आले म्हणून तो सौम्य होत नाही आणि एकविसाव्याला आत जागा नाही. या एका नियमातून मिथिक रेडचं बाकी सगळं जीवन उगवतं. वीस जण ठरलेल्या दिवशी, ठरलेल्या वेळी हजर हवेत, म्हणून वेळापत्रक लागतं. कोणी आजारी पडेल म्हणून राखीव खेळाडू लागतात. राखीव ठेवलेल्याला वाईट वाटू नये म्हणून समजूतदार रेड लीडर लागतो. मिथिक गिल्ड चालवणं हे अर्धं तर माणसं सांभाळणंच आहे, आणि हे काम करणाऱ्यांबद्दल मला मनापासून आदर वाटतो.

बॉस मारला की त्या आठवड्यापुरते तुम्ही त्या गटाच्या लॉकआउटला, म्हणजे कोणते बॉस मेले या त्याच्या नोंदीला, बांधले गेलात. हिरोइकमध्ये आज या गटाबरोबर तीन बॉस, उद्या दुसऱ्यांबरोबर उरलेले, असं जमतं. मिथिकमध्ये पहिला बॉस ज्यांच्याबरोबर मारला त्यांच्याच प्रगतीवर तुमचा आठवडा उभा राहतो. म्हणून ‘जरा पहिला बॉस मारून येतो’ असं म्हणून बाहेरच्या गटात गेलेला सभासद गिल्डच्या रात्री अडचणीचा ठरतो. शेवटच्या बॉसवर अडकलेल्या गिल्ड तर लॉकआउट वाढवून घेतात, म्हणजे पुढच्या आठवड्यात आधीचे सात पुन्हा मारायला नकोत, थेट आठव्यासमोर उभं राहता येतं.

तिथे करायचं काय, तर एकच लढत पुन्हा पुन्हा. ओव्हिनॅक्स हा त्या रेडमधला बॉस घ्या. त्याच्या लढतीत काही खेळाडूंवर खूण येते आणि त्यांनी अंड्यांजवळ जाऊन ती फोडायची असतात. मिथिकमध्ये कोणी कुठल्या अंड्याकडे जायचं हे काही क्षणांत ठरलं पाहिजे आणि एक जण चुकीच्या जागी उभा राहिला तरी वीसच्या वीस आडवे. मग पुन्हा पुल (लढतीची सुरुवात), पुन्हा वाइप (सगळे मेले). कितीतरी गिल्ड इथे आठवडेच्या आठवडे थांबल्या. पण हरल्यावर जातं काय? फक्त वेळ. तो बॉस जसा होता तसाच तुमची वाट बघत उभा असतो. मिथिक रेडचा आनंद इथे आहे: भिंत हलत नाही, तुम्ही हळूहळू तिच्या उंचीचे होता. शंभराव्या पुलला वीस जण एका लयीत हलतात आणि काल अशक्य वाटलेला टप्पा कोणी न बोलता पार होतो, तो क्षण मला या खेळात दुसरीकडे कुठेच मिळालेला नाही.

मिथिक प्लसचं गणित उलटं. पाच माणसं: एक टँक (मार झेलणारा), एक हीलर (जखमा भरणारा), तीन डीपीएस (मारा करणारे). एकाच्या पिशवीत ‘की’ (म्हणजे तोच कीस्टोन) असते, तिच्यावर एका डंजनचं नाव आणि एक आकडा. डंजनच्या दाराशी ती लावली की घड्याळ सुरू होतं. सगळे बॉस मारायचे, शिवाय वाटेतले शत्रू इतके मारायचे की त्यांची मोजपट्टी शंभर टक्के भरली पाहिजे. वेळेत झालं तर की वर चढते. समजा ३० मिनिटांची वेळ आहे. २४ मिनिटांच्या आत संपवलं तर दोन पायऱ्या, १८ च्या आत तर तीन, नाहीतर एक. वेळ उलटून गेली तरी बक्षिसाची पेटी उघडते, पण की एक पायरी खाली घसरते.

ही घसरण हाच मिथिक प्लसचा स्वभाव ठरवते. इथे हरण्याला किंमत आहे. तेच डंजन त्याच पायरीवर पुन्हा लगेच करून बघू, असं आपल्या कीने होत नाही. त्यातून मेलेल्या प्रत्येकामागे घड्याळातली सेकंदं कापली जातात. त्या सीझनमध्ये +७ पासून, म्हणजे कीवरचा आकडा सात झाल्यापासून, एका मृत्यूला १५ सेकंद जात होती, म्हणजे दहा मृत्यूंची अडीच मिनिटं. आणि शिडीला वरचं टोक नाही. पायरीगणिक शत्रूंचा जीव आणि मार वाढत जातो, त्यात ठरावीक पायऱ्यांवर अफिक्स (वाढीव अडचणी) भर घालतात: टिरॅनिकल असेल तर बॉस जड, फोर्टिफाइड असेल तर वाटेतले शत्रू जड आणि +१० पासून दोन्ही एकदम. ‘मिथिक प्लस संपवलं’ असं कोणीच म्हणू शकत नाही. जिथे तुमचा गट थांबतो तिथे तुमचं टोक.

रेडमध्ये वाट ठरलेली असते, इथे वाट काढावी लागते. सीझनच्या आठ डंजनपैकी ग्रिम बाटोलमध्ये सुरुवातीला लाल ड्रेकवर बसून खालच्या शत्रूंवर मारा करता येतो, द डॉनब्रेकरमध्ये तर मोकळ्या आकाशात उडत कुठल्या बाजूने सुरुवात करायची हे आपणच ठरवायचं. कोणता घोळका सोडायचा, कोणते दोन एकत्र ओढायचे, मोठे कूलडाऊन (एकदा वापरली की बराच वेळ परत न मिळणारी अस्त्रं) कुठे खर्चायचे, हे टँकच्या डोक्यात आधीपासून असावं लागतं. रेडमध्ये बॉसची लढत संपली की लांब पल्ल्याचे कूलडाऊन पुन्हा तयार होतात. मिथिक प्लसमध्ये तशी मेहेरबानी नाही. तिसऱ्या घोळक्यावर घाईने वापरलेलं शस्त्र पुढच्या बॉसला हाताशी नसतं. त्यामुळे एकाच क्लासचा (पात्रप्रकाराचा) एकच खेळाडू दोन्हीकडे वेगळ्या टॅलेंटने (निवडलेल्या कौशल्यांनी), वेगळ्या सवयीने खेळतो.

या सवयींचा फरक मी स्वतः अंगावर घेतलाय. +१० च्या वर नियमित खेळत असताना एका मिथिक गटात मला चाचणीला बोलावलं. मला वाटलं, हात तयार आहेत, जमेल. पहिल्या तासात मी चार वेळा सगळ्यांना मारलं. डंजनमध्ये शत्रूचा मंत्र दिसला की कोणाची वाट न बघता मी तो तोडत असे, संकट दिसलं की बचावाची कळ दाबत असे. तिथे ते गुण होते. रेडमध्ये मंत्र तोडायची पाळी लावलेली होती आणि माझी कळ चाळीस सेकंदांनंतरच्या माऱ्यासाठी राखून ठेवायची होती. मी प्रत्येक वेळी दुसऱ्याची पाळी खाल्ली. पुढे उलटही पाहिलं: आठपैकी सहा मिथिक बॉस मारलेला एक उत्तम खेळाडू आमच्या कीमध्ये आला आणि दोन घोळके एकदम अंगावर आल्यावर ‘काय करू ते सांगा’ म्हणत उभा राहिला. सांगायला कोणाकडे वेळच नव्हता. रेडमध्ये ठरलेलं अचूक करणारा मोठा, कीमध्ये न ठरलेलं सावरणारा. दोन्ही गोष्टी एका माणसात असू शकतात, पण एक आहे म्हणून दुसरी असेलच असं धरून चालू नका.

मधल्या तिसऱ्या भावाबद्दल दोन वाक्यं. कीशिवायचं साधं मिथिक डंजन, ज्याला सगळे ‘मिथिक झिरो’ म्हणतात, त्यात घड्याळ नाही आणि अफिक्सही नाहीत. डंजन शिकायचं असेल तर तिथेच शिका. की लावून शिकायला गेलात तर दुसऱ्याची पायरी घसरते.

गियरकडे, म्हणजे पात्राच्या शस्त्र-चिलखताकडे, वळलं की गोंधळ दुप्पट होतो, कारण तिथे ‘मिथ’ नावाचा आणखी एक शब्द येतो. वस्तू किती वाढवता येते हे तिच्या ट्रॅकवर ठरतं, आणि सर्वांत वरचे दोन ट्रॅक म्हणजे हिरो आणि मिथ. मिथिक रेडचा बॉस थेट मिथ ट्रॅकची वस्तू देतो. मिथिक प्लसच्या पेटीत मात्र की कितीही उंच असो, हिरो ट्रॅकपर्यंतच मिळतं. कीमधून मिथ हवं असेल तर ते आठवड्यातून एकदा, ग्रेट व्हॉल्टमधून (आठवड्याच्या बक्षिसाच्या तिजोरीतून), तेही +१० किंवा वरच्या की केल्या असतील तर. ‘मी मिथिक करतो मग माझ्याकडे मिथचं काहीच का नाही’ या प्रश्नाचं उत्तर एवढंच आहे.

व्हॉल्टची मोजणी दोन्हीकडे वेगळी चालते. रेडच्या ओळीत दोन, चार आणि सहा बॉस मारल्यावर एकेक पर्याय उघडतो. डंजनच्या ओळीत एक, चार आणि आठ फेऱ्यांवर. डंजनच्या ओळीत लोक एक गोष्ट विसरतात: आठव्या फेरीचा पर्याय तुमच्या आठ सर्वांत उंच फेऱ्यांपैकी सर्वांत खालच्या फेरीवर ठरतो. सात वेळा +१० आणि एकदा +२ केलंत तर तिसरा पर्याय +२ चा. आणि सगळे पर्याय उघडले तरी उचलायची एकच वस्तू. पेटीचं मात्र असं बंधन नाही. मिथिक रेडचा बॉस आठवड्याला एकदाच देतो, की मात्र रात्रभर लावत बसा, प्रत्येक पेटी मोजली जाते. ज्याला एखादं ठरावीक ट्रिंकेट (खास गुण देणारी वस्तू) हवंय त्याच्यासाठी हा फरक मोठा आहे: ते डंजनचं असेल तर कष्टाने मिळवता येतं, रेडच्या बॉसचं असेल तर त्या आठवड्यात नशीब एकदाच आजमावायचं.

मग यातलं कोणतं करावं? कौशल्याआधी घड्याळ बघा, भिंतीवरचं. आठवड्यातल्या दोन-तीन संध्याकाळी तीन तास, फोन बाजूला ठेवून, सीझनभर देता येत असतील आणि त्याच एकोणीस माणसांबरोबर शंभर वेळा हरायला तयार असाल, तर मिथिक रेड. अर्धा तास कधी मिळेल ते सांगता येत नसेल तर मिथिक प्लस. मात्र त्या अर्ध्या तासात मधेच उठता येणार नाही, कारण चार जणांची वेळ तुमच्यावर टांगलेली असते. लहान मुलं सांभाळणाऱ्या मैत्रिणींना मी बेधडक मिथिक प्लसच सुचवते, पण मूल झोपल्यावरच.

आणि कोणी ‘मिथिक करतोस का’ विचारलं तर नुसतं हो म्हणू नका. रेडची प्रगती अपूर्णांकात सांगतात: ‘३/८ मिथिक’ म्हणजे आठपैकी तीन बॉस मिथिक पातळीवर मारलेत. मिथिक प्लसची प्रगती रेटिंगमध्ये: आठही डंजनमधल्या तुमच्या सर्वोत्तम फेऱ्यांच्या गुणांची बेरीज, आणि २००० झाले की ‘कीस्टोन मास्टर’ हा बहुमान. ‘रेटिंग २४००, रेड ८/८ हिरोइक, मिथिक अजून एकही नाही’ एवढं एक वाक्य लिहिलंत तर समोरच्या रेड लीडरला तुम्हाला कुठे बसवायचं ते लगेच कळतं.