संत्र्याचा बहार का बिघडतो?

विदर्भात काटोल, नरखेड, वरुडकडच्या बागांत ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये संत्र्याच्या झाडाखाली हिरव्या फळांचा सडा पडतो. फळगळीचा दोष आपण पावसाला देतो. पाऊस कारण असतोच, पण बहाराचं गणित त्याच्या कितीतरी आधी, थंडीतच बिघडलेलं असू शकतं.

संत्र्याला फुलायला ताण लागतो. वाढ थांबली, पानांनी केलेलं अन्न काड्यांमध्ये साठलं, की डोळ्यांतून पालवीऐवजी कळी निघते. आंबिया बहारासाठी, म्हणजे थंडी सरताना येणाऱ्या फुलोऱ्यासाठी, हा ताण डिसेंबर-जानेवारीची थंडी देते, मृग बहारासाठी मे महिन्यातली पाण्याची ओढ. जूनच्या दमदार पावसाने ताण तुटला की मृगाची फुलं येतात. झाड ऋतू ओळखतं ते या खुणांवरून. आता त्या खुणाच डळमळू लागल्या आहेत. जानेवारीत थंडी मध्येच ओसरून अवकाळी पाऊस आला, तर झाड नवती काढतं आणि साठवलेलं अन्न पालवीवर खर्च होतं. मेमध्ये वळवाच्या सरींनी ताण अर्धवट मोडला किंवा मृगाचा पाऊस लांबला, तर बहार एकसाथ फुटत नाही. एकाच झाडावर तीन वयांची फळं दिसतात. अशा बागेत फवारणी नेमकी कधी करायची, तोडा कधी धरायचा?

मग येतो उन्हाळा. २३ मे २०१३ ला नागपूरचा पारा ४७.९ अंशांवर गेला होता, आणि ४५ अंश तर इथे नवलाचे राहिलेले नाहीत. संत्र्याचं पान साधारण २५ ते ३० अंशांत उत्तम अन्न तयार करतं. त्यापुढे कोरडी हवा पाणी ओढू लागते, तेव्हा पानाच्या खालच्या बाजूची पर्णरंध्रं मिटतात. पाणी वाचतं, पण कार्बन डायऑक्साइडची वाटही त्यातूनच असल्याने अन्न बनणं मंदावतं. रात्रही गरम राहिली तर दिवसा कमावलेलं श्वसनात जास्त खर्च होतं.

या उपासमारीचा हिशेब देठाशी चुकता होतो. देठ फळाला जिथे जुळतो तिथे पेशींचा एक पातळ थर असतो. फळ जोमात वाढत असताना त्याच्याकडून ऑक्सिन हे संप्रेरक येत राहतं आणि थर घट्ट राहतो. अन्न तुटलं की ऑक्सिन कमी होतं, इथिलीनचा जोर वाढतो, पेशींना जोडणारं पेक्टिन विरघळू लागतं आणि फळ सुटतं. झाड सगळ्यांना पोसू शकत नाही, म्हणून काही फळं सोडून देतं.

कार्बन डायऑक्साइड वाढला तर झाडांना फायदाच, असं पुष्कळदा ऐकू येतं. औद्योगिक क्रांतीपूर्वी तो हवेच्या दर दहा लाख भागांत सुमारे २८० भाग होता, आज ४२० च्या वर आहे. पाणी आणि तापमान जुळून आलं तर थोडा फायदा होतो, हे खरं. पण भर दुपारी रंध्रंच मिटलेली असतील, तर बाहेर वायू वाढल्याचा उपयोग किती होणार?

पावसाळ्यात उलटं संकट. थोड्या वेळात खूप पाऊस झाला की काळ्या जमिनीत पाणी तुंबतं, मुळांना प्राणवायू मिळत नाही आणि फायटोप्थोरा बुरशी पसरते. खोडातून डिंक ओघळतो, त्यालाच शेतकरी डिंक्या म्हणतात. पुढे आंबियाच्या तोडणीला रात्री गार झाल्या नाहीत तर सालीतलं हरितद्रव्य लवकर जात नाही. आत गोड असलेलं फळ वरून हिरवंच राहतं आणि बाजारात त्याचा भाव पडतो. मला याचं फार वाईट वाटतं, कारण त्यात शेतकऱ्याची काहीच चूक नसते.

ठिबक, आच्छादन, पाणी काढून देणारे चर यांनी बराच फरक पडतो. पण मूळ निर्णय लागवडीच्या दिवशी होतो. संत्र्याचं कलम ज्या दुसऱ्या लिंबूवर्गीय रोपाच्या मुळांवर बांधतात, तो खुंट. जंबेरी या लिंबाच्या खुंटाला फायटोप्थोराची मूळकुज लवकर गाठते. रंगपूर लिंबाचा खुंट दुष्काळ आणि ही बुरशी त्यापेक्षा चांगली सोसतो. आज लावलेलं कलम पाचव्या-सहाव्या वर्षी फळाला येतं आणि २०४० नंतरचं हवामानही त्यालाच झेलायचं आहे. रोपवाटिकेत कलम घेताना खुंट कोणता, हे आधी विचारा. एकदा झाड उभं राहिलं की तो बदलणं फार अवघड जातं.