कॅव्हॅन्साइट : चुना, व्हॅनाडिस आणि गारगोटी

खनिजांच्या संग्रहात स्टिल्बाइट या पांढऱ्या खनिजाच्या चकचकीत पाट्यांवर शेंगदाण्याएवढा गडद निळा गोळा बसलेला दिसला, तर त्याखालच्या चिठ्ठीवर बहुधा ‘कॅव्हॅन्साइट, वाघोली, पुणे’ असे लिहिलेले असते. भिंगातून पाहिले म्हणजे तो गोळा एकसंध नसून मध्यापासून बाहेर पसरलेल्या असंख्य बारीक सुयांचा बनलेला आहे, हे लक्षात येते. या खनिजाचे जगातले उत्तमोत्तम नमुने पुण्याजवळच्या वाघोलीतून गेलेले आहेत. त्यामुळे त्याच्या नावातही इथल्या एखाद्या गावाचा, माणसाचा किंवा निदान निळ्या रंगाचा उल्लेख असेल, असा समज होणे स्वाभाविक आहे. प्रत्यक्षात नावात यांपैकी काहीही नाही, आणि ते नाव ठरले तेव्हा वाघोलीच्या खाणीतला निळा गोळा खनिजशास्त्राला माहीतही नव्हता.

हे खनिज प्रथम सापडले अमेरिकेतील ऑरेगन राज्यात, ओवायही धरणाजवळच्या ज्वालामुखीय खडकांत. आंतरराष्ट्रीय खनिजशास्त्र संघटनेने 1967 मध्ये त्याला स्वतंत्र खनिज म्हणून मान्यता दिली आणि सविस्तर वर्णन 1973 मध्ये स्टेपल्स, इव्हान्स आणि लिंडसे या तिघांनी प्रसिद्ध केले. त्यांनी नाव घडवले ते थेट रासायनिक घटकांवरून. कॅल्शियममधला ‘कॅ’, व्हॅनेडियममधला ‘व्हॅन’ आणि सिलिकेटमधला (म्हणजे सिलिकॉन व ऑक्सिजन यांच्या संयुगातला) ‘सि’ हे तुकडे घेऊन त्यांच्या शेवटी खनिजनामांत रूढ असलेला ‘आइट’ हा प्रत्यय येईल अशी जुळणी केली. रसायनशास्त्रात व्हॅनेडियमची खूण ‘व्ही’ या एकाच अक्षराची आहे. ती तेवढीच घेतली असती तर नाव उच्चारायला अवघड झाले असते, म्हणून त्या मूलद्रव्याच्या वाट्याला तीन इंग्रजी अक्षरे आली असावीत. सिलिकेटमधल्या ‘सि’ची मात्र प्रत्ययाशी गाठ पडल्यामुळे उच्चारात ‘सा’ झाली आणि मूळ शब्दाशी असलेले तिचे नाते कानाला जाणवेनासे झाले.

या ‘सा’मुळे मराठीत एक गंमत होते. ‘साइट’ हा शब्द आपल्याकडे बांधकामाच्या जागेसाठी इतका रुळलेला आहे, की ऐकणारा ‘कॅव्हन साइट’ असे दोन शब्द समजतो आणि कॅव्हन नावाचे एखादे ठिकाण असावे अशी कल्पना करतो. लेखनातही एकवाक्यता नाही. इंग्रजी उच्चाराच्या जवळ जायचे तर ‘कॅव्हन्साइट’ लिहावे लागेल. परंतु व्हॅनेडियमशी असलेला सांधा दिसावा असे वाटत असेल, तर ‘कॅव्हॅन्साइट’ हेच रूप अधिक बरोबर ठरते. प्रस्तुत टिपणात म्हणूनच ते वापरले आहे. शब्द तोडून लिहिण्याला मात्र कोणताच आधार नाही.

‘आइट’ हा प्रत्यय ग्रीक भाषेतून लॅटिनमार्गे आलेला आहे. मुळात तो ‘अमुक गुणाचा’ किंवा ‘अमुक ठिकाणचा’ असे सांगणारा विशेषणप्रत्यय असून, दगडांच्या नावांपुढे सतत लागत गेल्यामुळे तोच दगडाची खूण होऊन बसला. हिमॅटाइट म्हणजे रक्तासारखा दगड, कारण त्याची पूड लाल असते. पुढे अठराव्या शतकात खनिजांची संख्या झपाट्याने वाढू लागली, तेव्हा केवळ गुणांवरून नावे पुरेनात. जर्मन खनिजशास्त्रज्ञ आब्राहाम व्हेर्नर यांनी केप ऑफ गुड होपहून आलेल्या हिरवट खनिजाला ते आणणाऱ्या कर्नल प्रेन यांच्यावरून ‘प्रेनाइट’ हे नाव दिले, आणि व्यक्तीचे नाव खनिजाला देण्याची प्रथा तेथून बळावली असे मानले जाते.

दख्खनच्या बेसाल्टच्या, म्हणजे काळ्या ज्वालामुखीय खडकाच्या, पोकळ्यांत सापडणाऱ्या खनिजांची नावे पाहिली तर नामकरणाच्या या वेगवेगळ्या तऱ्हा एकाच पेटीत शेजारी शेजारी ठेवलेल्या आढळतात. स्टिल्बाइटला फ्रान्सचे खनिजशास्त्रज्ञ आउई यांनी ग्रीकमधील ‘चकाकणे’ या अर्थाच्या शब्दावरून नाव दिले. अॅपोफिलाइटचे नावही त्यांनीच ठेवले. तापवले की त्याचे पापुद्रे सुटतात, एवढेच त्या नावात सांगितले आहे. स्कोलेसाइटचा अर्थ तर चक्क ‘किडा’ असा निघतो, कारण फुंकनळीच्या ज्योतीत धरल्यावर त्याचा तुकडा अळीसारखा वळवळतो. ह्यूलँडाइट हे हेन्री ह्यूलँड या खनिजविक्रेत्याचे आणि ओकेनाइट हे लोरेंझ ओकेन या निसर्गशास्त्रज्ञाचे स्मारक आहे. ज्या कुळात यांतली काही खनिजे मोडतात, त्या झिओलाइटचे नाव 1756 मध्ये स्वीडनच्या क्रोन्स्टेड यांनी दिले आणि त्याचा अर्थ ‘उकळणारा दगड’ असा आहे. तापवल्यावर आतले पाणी वाफ होऊन बाहेर पडताना दगड जणू उकळतो, हे त्यांनी पाहिले होते. ही सगळी नावे कोणीतरी डोळ्यांनी पाहिलेली, हाताने तापवलेली किंवा ओळखीच्या माणसाला अर्पण केलेली आहेत. कॅव्हॅन्साइट मात्र विश्लेषणाच्या तक्त्यातून उचललेले नाव आहे.

असे ते एकटेच नव्हे. कॅल्शियम, लोह आणि टायटॅनियम यांच्या खुणा जोडून ‘कॅफेटाइट’ हे नाव झाले. कॅल्शियम, लोह आणि आर्सेनिक यांच्यापासून ‘कॅफार्साइट’. सोडियम, टायटॅनियम आणि सिलिकॉन यांच्यापासून ‘नॅटिसाइट’. याच कातरकामाची सर्वांत प्रसिद्ध तऱ्हा मात्र माणसांच्या नावांवर केलेली आहे. चंद्रावरून आणलेल्या खडकांत आढळलेल्या आणि 1970 मध्ये वर्णन झालेल्या ‘आर्मालकोलाइट’मध्ये आर्मस्ट्राँग, आल्ड्रिन आणि कॉलिन्स असे अपोलो 11 चे तिन्ही अंतराळवीर बसवलेले आहेत. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अशी जोडनावे वाढली, याचे कारण उघड आहे. नवे खनिज आता रंगावरून किंवा चकाकीवरून नव्हे, तर घटक आणि स्फटिकरचना तपासून सिद्ध करावे लागत होते आणि शास्त्रज्ञाच्या हाती सर्वांत आधी येणारी गोष्ट म्हणजे घटकांची यादी.

या यादीतल्या शब्दांचा स्वतःचा इतिहास मात्र कोरडा नाही. कॅल्शियम हे नाव हंफ्री डेव्ही यांनी 1808 मध्ये लॅटिनमधील चुन्याच्या शब्दावरून घेतले. सिलिकॉनच्या मुळाशी असलेला ‘सिलेक्स’ हा लॅटिन शब्द चकमकीच्या दगडाचा, म्हणजे मराठीत ज्याला आपण गारगोटी म्हणतो त्याचा, वाचक आहे. गंमत अशी की बेसाल्टच्या पोकळीतून निघणाऱ्या स्फटिकांना मराठीत सरसकट गारगोटीच म्हटले जाते, आणि सिन्नरच्या प्रसिद्ध खनिज संग्रहालयाचे नावही ‘गारगोटी’ असेच आहे. शास्त्राच्या दृष्टीने ते सैल बोलणे असले, तरी कॅव्हॅन्साइटच्या बाबतीत ते नकळत नावातल्या एका तुकड्याचे शब्दशः भाषांतर होऊन बसते. ‘गार’ हा शब्द पावसाबरोबर पडणाऱ्या बर्फाच्या खड्यालाही आणि पांढऱ्या दगडालाही चालतो. ‘क्रिस्टल’च्या मुळाशी असलेल्या ग्रीक शब्दाचा मूळ अर्थही बर्फच आहे. स्वच्छ दगड पाहून गोठलेल्या पाण्याची आठवण होणे ही कोणा एका भाषेची मक्तेदारी दिसत नाही.

मधला तुकडा सर्वांत रंजक आहे. खनिजशास्त्रज्ञ आंद्रेस मानुएल देल रिओ यांना 1801 मध्ये मेक्सिकोतील सिमापान येथील शिशाच्या खनिजात एक नवे मूलद्रव्य आढळले. त्याच्या क्षारांचे नाना रंग पाहून त्यांनी आधी त्याला ‘पॅनक्रोमियम’ म्हटले, आणि तापवल्यावर ते क्षार लाल होतात म्हणून नंतर ‘एरिथ्रोनियम’. पॅरिसमध्ये कोले-देस्कोतिल यांनी 1805 मध्ये तो पदार्थ म्हणजे क्रोमियमच असल्याचे चुकून जाहीर केले आणि देल रिओ यांनी आपला दावा मागे घेतला. पुढे 1830 मध्ये स्वीडनच्या सेफस्ट्रम यांना ताबेर्ग येथील लोखंडात तेच मूलद्रव्य मिळाले. त्याच्या संयुगांचे सुंदर रंग पाहून नॉर्स पुराणकथांतील फ्रेया देवीच्या ‘व्हॅनाडिस’ या नावावरून त्याला व्हॅनेडियम म्हणण्यात आले. जर्मन रसायनशास्त्रज्ञ व्योलर हेही त्याच सुमारास मेक्सिकोतील खनिजावर काम करत होते. सेफस्ट्रम यांचे आणि देल रिओ यांचे मूलद्रव्य एकच असल्याचे त्यांनी दाखवून दिले. पण नाव तोवर देवीचे झाले होते. स्वीडिश रसायनशास्त्रज्ञ बर्झेलियस यांनी व्योलर यांना लिहिलेल्या पत्रात, दारावर थाप पडली तरी देवी उठली नाही आणि थाप मारणारा कंटाळून निघून गेला, अशा आशयाची थट्टा केली आहे. तो निघून गेलेला माणूस म्हणजे व्योलर. कॅव्हॅन्साइटचा निळा रंग याच व्हॅनेडियममुळे आहे, आणि त्या अर्थाने कोरड्या वाटणाऱ्या नावात रंगाचा उल्लेख मागच्या दाराने आलेला आहे.

आता नावाच्या उणिवेकडे येऊ. कॅल्शियम, व्हॅनेडियम आणि सिलिकेट एवढ्याने एकच खनिज निश्चित होते का? होत नाही. 1964 मध्ये न्यू मेक्सिकोतून वर्णन झालेले ‘गोल्डमनाइट’ हे हिरवे गार्नेटही कॅल्शियम आणि व्हॅनेडियमचे सिलिकेटच आहे. फक्त त्यातले व्हॅनेडियम वेगळ्या संयुजेचे असून पाणी नाही. कॅव्हॅन्साइटमध्ये पाण्याचे चार रेणू आहेत आणि त्यांचा नावात मागमूस नाही. त्याहून मोठी अडचण कॅव्हॅन्साइटचे वर्णन करणाऱ्या 1973 च्या शोधनिबंधातच समोर आली, कारण ऑरेगनच्या त्याच खडकांत अगदी त्याच घटकांचे दुसरे खनिज सापडले होते. दोहोंचे रासायनिक सूत्र एक. फरक केवळ अणूंच्या मांडणीत. कॅव्हॅन्साइटच्या थरांत सिलिकेटच्या चार आणि आठ कड्यांची वलये असतात, तर दुसऱ्यात सहा कड्यांची. घटकांवरून घडवलेले नाव पहिल्याने घेऊन टाकल्यावर दुसऱ्याला देण्यासारखे त्या यादीत काहीच उरले नाही. तेव्हा संशोधकांनी जुन्या पद्धतीकडे वळून त्याच्या आकाराकडे पाहिले. त्याचे जुळे स्फटिक पाच-पाचच्या गटाने एकत्र वाढतात आणि आडवा छेद पाच टोकांच्या ताऱ्यासारखा दिसतो, म्हणून त्याला ‘पेंटॅगोनाइट’ म्हटले गेले. दोघांपैकी हे नाव मला अधिक प्रामाणिक वाटते, कारण ते त्याच खनिजाबद्दल काहीतरी सांगते. ‘कॅव्हॅन्साइट’ हा शब्द अर्थाच्या दृष्टीने दोघांनाही सारखाच लागू पडतो.

वाघोलीचा प्रवेश या कथेत 1980 च्या दशकाच्या अखेरीस होतो. तेथील खाणींत दगड काढला जातो तो खडीसाठी, आणि सुरुंगाने फुटलेल्या बेसाल्टच्या पोकळ्यांत हे निळे गोळे स्टिल्बाइट आणि ह्यूलँडाइट यांच्या सोबतीने निघू लागले. ऑरेगनमधले नमुने बारीक होते. वाघोलीच्या नमुन्यांनी या खनिजाचे जगभरातले चित्रच बदलून टाकले. झिओलाइटच्या संगतीत सापडत असल्यामुळे बाजारात त्याला अनेकदा झिओलाइट म्हटले जाते, पण ते त्या कुळातले नाही, कारण झिओलाइटची रचना तिन्ही दिशांनी जोडलेल्या चौकटीची असते आणि याची थरांची. पेंटॅगोनाइटही पुढे वाघोलीतून मिळाला. त्याचे स्फटिक सहसा लांब, पात्यांसारखे असतात आणि कॅव्हॅन्साइटचे गोळ्यांत. परंतु नमुना बारीक असला तर डोळ्यांवर भरवसा ठेवता येत नाही. रासायनिक विश्लेषणाचाही येथे उपयोग नाही, कारण घटक तेच आहेत. क्ष-किरणांनी रचना तपासूनच चिठ्ठीवर कोणते नाव लिहायचे ते ठरवावे लागते.

उत्तम नमुने वाघोलीचे असतील तर नाव बदलून स्थानिक का ठेवू नये, असा प्रश्न अधूनमधून विचारला जातो. खनिजांची नावे प्राधान्याच्या तत्त्वाने टिकतात. 1959 पासून आंतरराष्ट्रीय संघटनेची समिती प्रत्येक नव्या नावाला मान्यता देते, आणि प्रसिद्ध झालेले नाव सबळ कारणाशिवाय बदलत नाही. नमुना कुठला सुंदर आहे, हे त्या कारणांत बसत नाही. स्थळावरून नाव द्यायचे झाल्यास स्पेलिंग त्या ठिकाणी रूढ असलेलेच ठेवावे, शोधकाने स्वतःचे नाव देऊ नये आणि हयात व्यक्तीचे नाव तिच्या संमतीनेच द्यावे, असेही संकेत आहेत.

पुण्याच्या वाट्याला एकेकाळी असे नाव आले होते. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात पुण्याहून गेलेल्या सुईसारख्या पांढऱ्या स्फटिकांना ‘पूनाहलाइट’ हे नाव मिळाले आणि काही काळ ते स्वतंत्र खनिज मानले गेले. नंतर ते म्हणजे आधीच ठाऊक असलेले मेसोलाइट असल्याचे ठरले आणि ‘पूनाहलाइट’ची रवानगी खनिजकोशांतील पर्यायी नावांच्या यादीत झाली.