चोरलेल्या चित्रपटात दडलेला पत्ता

चित्रपटगृहात आता रिळांचे डबे येत नाहीत. येते ती कूटबद्ध फाइल. तिच्यावर एईएस-१२८ या कूटबद्धतेच्या पद्धतीचे कुलूप असते आणि ते उघडणारी किल्ली ठरावीक पडद्याच्या सर्व्हरपुरती, ठरावीक मुदतीपुरतीच दिली जाते. ही फाइल पळवणे जिकिरीचे असल्याने चोर कॅमेरा घेऊन प्रेक्षकांत बसतो.

त्याचा माग काढण्यासाठी, हॉलिवूडच्या स्टुडिओंनी डिजिटल प्रदर्शनासाठी २००५ साली ठरवलेल्या डीसीआय मानकानुसार, चित्र पडद्यावर उमटतानाच त्यात डोळ्यांना न जाणवणारे जलचिन्ह (वॉटरमार्क) मिसळले जाते. दर पाच मिनिटांच्या तुकड्यात ३५ बिट माहिती असते. त्यांतले १६ बिट वेळेसाठी आणि १९ बिट ठिकाणासाठी. चित्रीकरण तिरके झाले किंवा फाइल बरीच आवळली, तरी हे चिन्ह टिकावे अशी त्याची रचना असते. त्यामुळे प्रत तपासून चोरी कोणत्या पडद्यावर, कोणत्या खेळाला झाली हे सांगता येते. अर्थात तोवर ती गावभर झालेली असते. शिवाय चोर चित्रपटगृहातच असतो असेही नाही. ‘उडता पंजाब’ १७ जून २०१६ च्या प्रदर्शनाआधी दोन दिवस इंटरनेटवर आला, तेव्हा त्या प्रतीवर ‘फॉर सेन्सर’ अशी अक्षरे होती.

चाचेगिरीमुळे वर्षाला २०,००० कोटी रुपयांचा फटका बसतो, असा अंदाज केंद्र सरकारने २०२३ साली सिनेमॅटोग्राफ कायदा बदलताना मांडला. फुकट पाहणारा प्रत्येक जण एरवी तिकीट काढेलच असे नाही, म्हणून असे आकडे जपूनच वाचावेत. मात्र ज्या मराठी चित्रपटाचे खेळ पहिल्या तीन दिवसांच्या गर्दीवर टिकतात किंवा उतरतात, त्याला शुक्रवारीच फुटलेली प्रत पुरती बुडवू शकते. सुधारित कायद्यात तीन महिने ते तीन वर्षे कैद आणि तीन लाख रुपयांपासून निर्मितीखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत दंड आहे.

प्रेक्षकाचा धोका सहसा चित्रफितीत नसतो, तिच्या भोवतालच्या जाहिरातींत आणि खोट्या ‘डाउनलोड’ बटणांत असतो. चित्रपटाच्या नावाने आलेल्या फाइलच्या शेवटी ‘एपीके’ दिसले, तर तो चित्रपट नव्हे, ॲप असते. ते एसएमएस वाचण्याची आणि ‘ॲक्सेसिबिलिटी’ची, म्हणजे पडद्यावरचे सारे पाहण्याची, परवानगी मागते, ती मिळाली की बँकेचा ओटीपी परस्पर वाचता येतो. खात्यातून पैसे गेल्यास बँकेला कळवून लगेच १९३० या सायबर गुन्हे मदत क्रमांकावर तक्रार करावी, कारण ती वेळेत पोहोचली तर रक्कम पुढच्या खात्यातच रोखून धरणे शक्य असते.