लिक्विडेशन लागलं की केसचं काय होतं?

२५ डिसेंबर २०२३ रोजी इंदूरच्या बंद पडलेल्या हुकुमचंद मिलच्या कामगारांच्या थकबाकीचा सुमारे २२४ कोटींचा चेक दिला गेला, तो शासकीय लिक्विडेटर (बुडालेल्या कंपनीची मालमत्ता विकून देणी फेडणारा अधिकारी) आणि कामगार संघटनांच्या प्रमुखांच्या हाती. पैसे कामगारांचे, मग मध्ये लिक्विडेटर कशाला, असं तेव्हा कितीतरी मराठी घरांत विचारलं गेलं असेल. प्रश्न रास्त आहे, आणि त्याचं उत्तर दीडशे वर्षांहून जुनं आहे.

कंपनी बुडायला लागली की धनकोंची, म्हणजे तिच्याकडून येणं असलेल्यांची, धावपळ सुरू होते. ज्याचा हुकूमनामा आधी हातात पडेल तो जप्ती आणतो, यंत्रं उचलतो, आणि मागे राहिलेल्याच्या वाट्याला रिकामी शेड येते. ही लूट थांबवायला इंग्लंडच्या १८६२च्या कंपनी कायद्याने नियम घातला: अवसायनाचा, म्हणजे लिक्विडेशनचा, हुकूम झाल्यावर कंपनीवरचा कोणताही दावा न्यायालयाच्या परवानगीशिवाय पुढे जाणार नाही. आपल्याकडे १९१३च्या कायद्यात कलम १७१ म्हणून तोच नियम होता. १९५६च्या कायद्यात तो कलम ४४६ झाला, आणि हुकुमचंदसारख्या मिलांच्या काळात चालत होतं ते हेच कलम.

माझ्या मते सगळ्यात मोठा गैरसमज याच ४४६बद्दल आहे. ‘मिल लिक्विडेशनमध्ये गेली, केस संपली’ असं आपल्याकडे सर्रास बोललं जातं, आणि त्या समजुतीने लोक घरी बसतात. कलम केस मारत नव्हतं. अवसायनाचा हुकूम निघाला किंवा हंगामी लिक्विडेटर नेमला गेला, की चालू दावा जिथे असेल तिथे थांबायचा आणि नवा दावा घालायला कंपनी न्यायालयाची, म्हणजे उच्च न्यायालयाची, परवानगी लागायची. ते न्यायालय दावा स्वतःकडे ओढून घेऊन निकालीही काढू शकत होतं. परवानगी आधी घेतली नाही म्हणून दावा मुळातच रद्द ठरत नाही, ती नंतरही मिळू शकते, असं सर्वोच्च न्यायालयाने बन्सीधर शंकरलाल प्रकरणात सांगितलं. जप्तीचं मात्र कडक होतं. अवसायन सुरू झाल्यावर परवानगीवाचून केलेली जप्ती कलम ५३७ने निरर्थक ठरवली होती. आणि न्यायालयाच्या हुकमाने होणारं अवसायन ‘सुरू’ व्हायचं ते अर्ज दाखल झाला त्या दिवसापासून, हुकमाच्या तारखेपासून नव्हे. मधल्या काळात घाईने आणलेली जप्ती त्यामुळे वाया जायची.

सगळे दावे एका दारात आले, पण त्या दारात आधी कोण? बँकेकडे मिलची जमीन आणि यंत्रं तारण, त्यामुळे कामगार कायम मागे. १९८५ साली कलम ५२९अ आलं आणि कामगारांची देणी तारण असलेल्या धनकोंच्या बरोबरीने, प्रमाणात वाटली जाऊ लागली. मिल कामगारांच्या दृष्टीने सगळ्या कंपनी कायद्यात यापेक्षा महत्त्वाची दुरुस्ती मला दिसत नाही. पण बरोबरीचा हक्क असला तरी वाटायला पैसा हवा, आणि तो जमिनीत अडकलेला. इंदुरात अखेर राज्य सरकारने जमीन घेऊन देणी आधी चुकती करण्याचा तोडगा निघाला. तोवर तीन दशकं उलटली होती आणि कितीतरी कामगार वारले होते. दावे एकत्र करणारा कायदा ते लवकर निकाली काढेलच असं नाही, ही त्यातली खरी जखम आहे.

२०१६च्या दिवाळखोरी संहितेने चौकट बदलली. दिवाळखोरीचा अर्ज दाखल करून घेतला गेला की कलम १४ची स्थगिती लागते, तिच्यात नवे आणि चालू दोन्ही दावे थांबतात. पुढे लिक्विडेशनचा हुकूम झाला तर कलम ३३(५) नवे दावे रोखतं. चालू दावे थांबवण्याची ४४६सारखी भाषा त्यात नाही. चेक न वटल्याच्या खटल्यांत कलम १४ कंपनीला आडोसा देतं, संचालकांना नाही, हे २०२१ साली सर्वोच्च न्यायालयाने पी. मोहनराज प्रकरणात स्पष्ट केलं. कामगारांची बरोबरी टिकली, पण लिक्विडेशन सुरू होण्याआधीच्या २४ महिन्यांच्या देण्यांपुरती.

आता आपली केस कामगार न्यायालयात चालू आहे, एवढ्यावर विसंबून राहू नये. लिक्विडेशन सुरू झालं की लिक्विडेटरकडे स्वतंत्र दावा दाखल करावा लागतो, आणि संहितेत त्याला ३० दिवस दिले आहेत.